भारतातील नेत्रतपासणी व चष्म्यांचे विमासंरक्षण

भारतातील नेत्रतपासणी व चष्म्यांचे विमासंरक्षण या विषयात डोळ्यांची नियमित तपासणी, चष्मा, कॉन्टॅक्ट लेन्स आणि डोळ्यांवरील उपचार यांचा खर्च आरोग्य विमा किंवा शासकीय आरोग्य योजना कितपत व कोणत्या अटींवर उचलतात, याचा समावेश होतो. भारतातील प्रचलित आरोग्य विमा रुग्णालयातील भरतीवर आधारलेला आहे. त्यामुळे मोतीबिंदूची शस्त्रक्रिया, दृष्टिपटलावरील शस्त्रक्रिया किंवा अपघातात डोळ्याला झालेली इजा यांना सर्वसाधारणपणे संरक्षण मिळते. चष्म्याचा नंबर काढणे, नियमित तपासणी आणि चष्म्याची खरेदी हे खर्च मात्र बहुतेक पॉलिसींच्या कक्षेबाहेर राहतात. बाह्यरुग्ण विभागातील खर्चाचे वेगळे संरक्षण घेतलेले असल्यास किंवा नोकरीच्या ठिकाणच्या समूह विम्यात तशी तरतूद असल्यास यांपैकी काही खर्च परत मिळू शकतो.

पार्श्वभूमी

भारतातील सार्वजनिक क्षेत्रातील सामान्य विमा कंपन्यांनी १९८६ मध्ये 'मेडिक्लेम' पॉलिसी बाजारात आणली. आजारपणामुळे रुग्णालयात दाखल व्हावे लागल्यास विमा रकमेच्या मर्यादेत खर्चाची भरपाई करणे हे तिचे स्वरूप होते. भारतीय विमा नियामक आणि विकास प्राधिकरण अधिनियम, १९९९ नुसार हे क्षेत्र खासगी कंपन्यांना खुले झाले आणि पॉलिसींचे अनेक प्रकार आले. तरीही 'किमान २४ तासांची भरती' हा मूळ निकष बराच काळ कायम राहिला.

विम्याच्या मूळ तत्त्वानुसार अनिश्चित, आकस्मिक आणि एका व्यक्तीला पेलण्यास जड अशा नुकसानाची वाटणी अनेकांमध्ये केली जाते. चष्म्याचा खर्च या व्याख्येत बसत नाही. चाळिशी जवळजवळ प्रत्येकाला लागते, तिचा काळही साधारण ठरलेला असतो आणि चष्मा ठरावीक वर्षांनी बदलावा लागतो. असा अपेक्षित खर्च विम्यात घेतल्यास तो हप्त्यातूनच वसूल करावा लागतो. शिवाय अनेक लहान दाव्यांची छाननी करण्याचा प्रशासकीय खर्च दाव्याच्या रकमेच्या मानाने मोठा असतो. या कारणांमुळे विमा कंपन्यांनी नेत्रसेवेतील नित्याचा भाग प्रारंभापासून वगळला.

नियमित नेत्रतपासणीचे स्वरूप

व्यवहारात 'डोळे तपासणे' या शब्दप्रयोगाने दोन भिन्न गोष्टी ओळखल्या जातात आणि विम्याच्या दृष्टीने त्यांतील भेद महत्त्वाचा आहे.

पहिली गोष्ट म्हणजे चष्म्याचा नंबर काढणे. यात अक्षरांच्या तक्त्याच्या व भिंगांच्या साहाय्याने लघुदृष्टी, दूरदृष्टी, दृष्टिवैषम्य किंवा चाळिशी यांचे मोजमाप केले जाते. ही तपासणी दृष्टिमितीतज्ज्ञ करतात आणि अनेक चष्म्याच्या दुकानांत ती विनामूल्य उपलब्ध असते. दृष्टिमितीतज्ज्ञांच्या व्यवसायाचे नियमन राष्ट्रीय संलग्न व आरोग्यसेवा व्यवसाय आयोग अधिनियम, २०२१ च्या कक्षेत येते.

दुसरी गोष्ट म्हणजे नेत्रतज्ज्ञाने केलेली संपूर्ण तपासणी. तीत स्लिट लॅम्पखाली डोळ्याच्या पुढील भागाचे निरीक्षण, डोळ्यातील दाबाचे मापन आणि औषधाने बाहुली विस्फारून दृष्टिपटल व दृष्टिचेतेची पाहणी यांचा समावेश असतो. काचबिंदू आणि मधुमेहामुळे होणारा दृष्टिपटलाचा विकार हे दोन्ही आजार सुरुवातीच्या काळात बहुधा लक्षणांशिवाय वाढतात. मधली दृष्टी चांगली असल्याने केवळ नंबर काढून ते लक्षात येत नाहीत. मोतीबिंदूमुळे गेलेली दृष्टी शस्त्रक्रियेने बहुतांशी परत मिळते, परंतु काचबिंदूमुळे गेलेली दृष्टी परत मिळत नाही. मधुमेही व्यक्तींना तक्रार नसली तरी दरवर्षी दृष्टिपटलाची तपासणी करून घेण्याचा सल्ला दिला जातो.

या दोन्ही तपासण्या बाह्यरुग्ण विभागात होतात. त्यामुळे भरतीवर आधारित पॉलिसीत त्यांपैकी कोणतीही स्वतंत्रपणे समाविष्ट नसते.

प्रमाणित वगळणुका

पॉलिसींमधील वगळणुकांच्या शब्दांकनात एकसूत्रता आणण्यासाठी प्राधिकरणाने २७ सप्टेंबर २०१९ रोजी मार्गदर्शक तत्त्वे जारी केली. त्यांत प्रत्येक वगळणुकीला क्रमांक देण्यात आला. पॉलिसींमध्ये हे शब्दांकन पुढेही वापरात राहिले. नेत्रसेवेशी त्यांतील पुढील कलमांचा संबंध येतो.

• वगळणूक क्रमांक १ (पूर्वीपासूनचे आजार): पॉलिसी घेण्यापूर्वी असलेला आजार व त्याची थेट गुंतागुंत यांवरील उपचारांना ठरावीक काळ संरक्षण नसते. मधुमेह आधीपासून असल्यास त्यातून उद्भवलेला दृष्टिपटलाचा विकारही या कलमाखाली येऊ शकतो.

• वगळणूक क्रमांक २ (विनिर्दिष्ट आजार व शस्त्रक्रिया): यादीत नमूद केलेल्या आजारांना प्रतीक्षा कालावधी लागू होतो. मोतीबिंदू या यादीत सामान्यतः असतो. आजार पॉलिसी घेतल्यानंतर झाला असला तरी हा कालावधी लागू राहतो, परंतु अपघातामुळे उद्भवलेल्या दाव्यांना तो लागू होत नाही.

• वगळणूक क्रमांक ३ (प्रारंभीचे ३० दिवस): पहिल्या ३० दिवसांत झालेल्या आजारावरील उपचार वगळले जातात. अपघात याला अपवाद आहे.

• वगळणूक क्रमांक ४ (तपासणी व मूल्यमापन): केवळ निदान किंवा तपासणीसाठी झालेल्या भरतीचा खर्च दिला जात नाही. नियमित तपासणी 'भरती' दाखवून केल्यास ती याच कलमाखाली नाकारली जाते.

• वगळणूक क्रमांक १५ (अपवर्तन दोष): ७.५ डायॉप्टरपेक्षा कमी अपवर्तन दोषामुळे करावयाच्या दृष्टिसुधारणेच्या उपचारांचा खर्च वगळला जातो.

शेवटच्या कलमाचा अर्थ लावताना बऱ्याचदा गोंधळ होतो. चष्मा घालवण्यासाठी केली जाणारी लेसर शस्त्रक्रिया नंबर ७.५ डायॉप्टरपेक्षा कमी असल्यास देय नसते. नंबर ७.५ किंवा त्याहून अधिक असल्यास ही विशिष्ट वगळणूक लागू होत नाही. याचा अर्थ दावा आपोआप मंजूर होतो असा नाही. शस्त्रक्रिया वैद्यकीयदृष्ट्या आवश्यक असणे, प्रतीक्षा कालावधी पूर्ण झालेला असणे आणि पॉलिसीच्या अन्य अटींची पूर्तता होणे गरजेचे असते. नंबर कितीही मोठा असला तरी चष्म्याची किंमत या कलमामुळे देय होत नाही, कारण चष्म्याच्या खरेदीचा भरतीशी संबंध नसतो. याशिवाय अनेक पॉलिसींत चष्मा, कॉन्टॅक्ट लेन्स आणि श्रवणयंत्रे यांचा खर्च वेगळ्या कलमाने वगळलेला असतो.

प्रतीक्षा कालावधी

विमा उत्पादनांसंबंधीची प्राधिकरणाची नवी विनियमावली १ एप्रिल २०२४ पासून अमलात आली. तीनुसार पूर्वीपासूनच्या आजारांसाठीचा कमाल प्रतीक्षा कालावधी ४८ महिन्यांवरून ३६ महिन्यांवर आणण्यात आला. विनिर्दिष्ट आजारांसाठीही ३६ महिने ही कमाल मर्यादा आहे. कंपन्या याहून कमी कालावधी ठेवू शकतात आणि मोतीबिंदूसाठी २४ महिन्यांचा कालावधी अनेक पॉलिसींत आढळतो. एखादा आजार विनिर्दिष्ट यादीतही असेल आणि पूर्वीपासूनचाही असेल, तर दोहोंपैकी जो कालावधी अधिक तो लागू होतो.

हा कालावधी पॉलिसी अखंड चालू असल्यासच मोजला जातो. नूतनीकरणात खंड पडल्यास आधी पूर्ण झालेल्या महिन्यांचा लाभ गमवावा लागू शकतो. एका कंपनीकडून दुसऱ्या कंपनीकडे पॉलिसी स्थलांतरित केल्यास पूर्ण केलेल्या कालावधीचे श्रेय पूर्वीच्या विमा रकमेपुरते पुढे चालू राहते. विमा रक्कम वाढवल्यास वाढीव रकमेसाठी कालावधी नव्याने सुरू होतो.

सलग ६० महिने पॉलिसी चालू राहिल्यानंतर सिद्ध झालेल्या फसवणुकीचा अपवाद वगळता, माहिती दडवली किंवा चुकीची दिली या कारणावरून दावा नाकारता येत नाही. २०२४ पूर्वी ही मुदत ८ वर्षांची होती. मात्र प्रस्ताव अर्जात मधुमेह, काचबिंदू किंवा पूर्वी झालेली नेत्रशस्त्रक्रिया यांची नोंद न करणे हे त्या मुदतीपूर्वी दावा नाकारला जाण्याचे कारण ठरू शकते.

शस्त्रक्रिया व भरतीवरील उपचार

मोतीबिंदू

मोतीबिंदूच्या आधुनिक शस्त्रक्रियेनंतर रुग्ण बहुधा त्याच दिवशी घरी जातो. त्यामुळे २४ तासांच्या भरतीची अट तिला लागू होत नाही. तंत्रज्ञानातील प्रगतीमुळे २४ तासांपेक्षा कमी वेळात होणाऱ्या, परंतु भूल देऊन केल्या जाणाऱ्या उपचारांना पॉलिसीत 'डे केअर उपचार' म्हटले जाते आणि मोतीबिंदूची शस्त्रक्रिया हे त्याचे ठळक उदाहरण आहे.

बहुतेक पॉलिसींत मोतीबिंदूच्या खर्चावर उपमर्यादा असते. सर्व सामान्य व आरोग्य विमा कंपन्यांना विकणे बंधनकारक केलेली 'आरोग्य संजीवनी' ही प्रमाणित पॉलिसी १ एप्रिल २०२० पासून उपलब्ध झाली. तिच्या प्रमाणित मसुद्यात मोतीबिंदूसाठी प्रत्येक डोळ्यामागे एका पॉलिसी वर्षात विमा रकमेच्या २५ टक्के किंवा ₹४०,००० यांपैकी जी कमी असेल ती मर्यादा, २४ महिन्यांचा प्रतीक्षा कालावधी आणि प्रत्येक दाव्यावर ५ टक्के सहभरणा अशा तरतुदी आहेत. या मर्यादेचा परिणाम विमा रकमेनुसार पुढीलप्रमाणे होतो.

• विमा रक्कम ₹१ लाख: २५ टक्के म्हणजे ₹२५,०००. प्रतिडोळा मर्यादा ₹२५,०००.
• विमा रक्कम ₹१.५ लाख: २५ टक्के म्हणजे ₹३७,५००. प्रतिडोळा मर्यादा ₹३७,५००.
• विमा रक्कम ₹२ लाख: २५ टक्के म्हणजे ₹५०,०००. प्रतिडोळा मर्यादा ₹४०,०००.
• विमा रक्कम ₹५ लाख: २५ टक्के म्हणजे ₹१,२५,०००. प्रतिडोळा मर्यादा ₹४०,०००.

उदाहरणादाखल, ₹५ लाखांची ही पॉलिसी असलेल्या व्यक्तीचे एका डोळ्याच्या शस्त्रक्रियेचे देयक ₹६०,००० झाले, तर ग्राह्य रक्कम ₹४०,००० धरली जाते. तिच्या ५ टक्के म्हणजे ₹२,००० सहभरणा वजा होऊन ₹३८,००० मिळतात आणि उरलेले ₹२२,००० रुग्णाला भरावे लागतात. विमा रक्कम मोठी असणे आणि मोतीबिंदूचा खर्च पूर्ण मिळणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

देयकातील सर्वांत बदलता घटक म्हणजे डोळ्यात बसवले जाणारे कृत्रिम भिंग. केवळ दूरचे स्पष्ट दाखवणाऱ्या एककेंद्री भिंगापेक्षा बहुकेंद्री आणि दृष्टिवैषम्य दुरुस्त करणारी भिंगे महाग असतात. शस्त्रक्रियेनंतर चष्म्याची गरज कमी व्हावी म्हणून ही भिंगे निवडली जातात, परंतु उपमर्यादेमुळे किमतीतील फरक सहसा रुग्णावर पडतो. काही कंपन्या चष्मा टाळण्यासाठीचा असा जादा खर्च वैद्यकीय गरज न मानता वगळतात.

आरोग्य संजीवनी पॉलिसीत भरतीपूर्वीच्या ३० आणि भरतीनंतरच्या ६० दिवसांतील संबंधित वैद्यकीय खर्चही समाविष्ट आहे. भिंगाची शक्ती ठरवण्यासाठी केलेले डोळ्याचे मापन, शस्त्रक्रियेपूर्वीच्या रक्ततपासण्या, नंतरचे तपासणीचे शुल्क आणि थेंबांची औषधे यांची देयके त्यात मोडतात. एरवी देय नसलेली नेत्रतपासणी शस्त्रक्रियेशी थेट संबंधित असल्यास या मार्गाने देय ठरते. शस्त्रक्रियेनंतर लागणारा चष्मा मात्र त्यात येत नाही.

दृष्टिपटलाचे विकार व अन्य उपचार

मधुमेहामुळे दृष्टिपटलाला येणारी सूज आणि वयोमानाने होणारा दृष्टिपटलाच्या मध्यभागाचा ऱ्हास यांवर डोळ्याच्या आत इंजेक्शन देण्याचा उपचार केला जातो. हे इंजेक्शन काही मिनिटांत दिले जात असल्याने तो बाह्यरुग्ण उपचार मानून दावे नाकारले जात. प्राधिकरणाने २०१९ मध्ये १२ आधुनिक उपचारपद्धतींची यादी निश्चित करून त्या वगळता येणार नाहीत असे ठरवले. डोळ्यातील इंजेक्शन या यादीत आहे. आरोग्य संजीवनी पॉलिसीत या आधुनिक उपचारांसाठी विमा रकमेच्या ५० टक्क्यांपर्यंत मर्यादा आहे. ही इंजेक्शने अनेकदा ठरावीक अंतराने पुन्हा द्यावी लागत असल्याने वार्षिक मर्यादा महत्त्वाची ठरते.

काचबिंदूवरील शस्त्रक्रिया, सुटलेले दृष्टिपटल पुन्हा बसवणे, पारपटलाचे रोपण आणि डोळ्याच्या दुखापतीवरील शस्त्रक्रिया यांना पॉलिसीच्या अटींनुसार संरक्षण मिळते. काचबिंदूच्या रुग्णाला आयुष्यभर घालावे लागणारे थेंब मात्र भरतीशी जोडलेल्या काळापलीकडे देय नसतात. लहान मुलांच्या तिरळेपणावरील शस्त्रक्रियेसंबंधी कंपन्यांच्या अटी वेगवेगळ्या आहेत, कारण जन्मजात बाह्य व्यंग आणि सौंदर्योपचार यांविषयीच्या कलमांचा येथे संबंध येतो.

बाह्यरुग्ण संरक्षण

काही कंपन्या मूळ पॉलिसीला जोडून किंवा तिचाच भाग म्हणून बाह्यरुग्ण संरक्षण देतात. त्यात वर्षाला ठरावीक रकमेपर्यंत डॉक्टरांचे शुल्क, चाचण्या व औषधे यांचा खर्च दिला जातो. काही पॉलिसींत दंतोपचार व चष्मा यांसाठी स्वतंत्र पोटमर्यादा असते. अशा तरतुदींत सामान्यतः पुढील अटी आढळतात.

• चष्म्याचा खर्च वर्षातून किंवा दोन वर्षांतून एकदाच मिळणे.
• नोंदणीकृत नेत्रतज्ज्ञाची लेखी शिफारस आवश्यक असणे.
• फ्रेम वगळून केवळ भिंगांची किंमत मिळणे किंवा फ्रेमच्या किमतीवर मर्यादा असणे.
• उन्हाचे चष्मे व सौंदर्यासाठीच्या रंगीत कॉन्टॅक्ट लेन्स वगळणे.
• सेवा केवळ कंपनीच्या जाळ्यातील केंद्रांवरच उपलब्ध असणे.

बाह्यरुग्ण संरक्षणासाठी वाढीव हप्ता आकारला जातो. अनेक योजनांत हा वाढीव हप्ता आणि मिळू शकणारी कमाल भरपाई यांतील अंतर कमी असते. अशा संरक्षणाची उपयुक्तता कुटुंबातील चष्मा वापरणाऱ्यांची संख्या, नंबर बदलण्याची वारंवारता आणि मधुमेहासारख्या आजारामुळे लागणाऱ्या नियमित तपासण्या यांवर अवलंबून राहते.

काही पॉलिसींत वर्षातून एकदा विनामूल्य आरोग्य तपासणीची सवलत असते. तीत दृष्टीची प्राथमिक तपासणी असली तरी बाहुली विस्फारून केलेली दृष्टिपटलाची पाहणी असेलच असे नाही.

समूह विमा व कर्मचारी राज्य विमा

नोकरदारांच्या समूह विम्याच्या अटी मालक व विमा कंपनी यांच्यातील करारानुसार ठरतात. अशा पॉलिसींत प्रतीक्षा कालावधी बऱ्याचदा माफ केलेला असतो. त्यामुळे कर्मचाऱ्याच्या समाविष्ट पालकांची मोतीबिंदूची शस्त्रक्रिया पहिल्याच वर्षी होऊ शकते. काही आस्थापना चष्म्यासाठी विम्याबाहेरची वार्षिक रक्कमही देतात. नोकरी सुटल्यावर समूह संरक्षण संपते, म्हणून निवृत्तीच्या वयात प्रथमच वैयक्तिक पॉलिसी घेणाऱ्यांना मोतीबिंदूचा प्रतीक्षा कालावधी नेमका गरजेच्या काळात सोसावा लागतो.

कर्मचारी राज्य विमा अधिनियम, १९४८ खाली सुरू झालेली योजना भरतीपुरती मर्यादित नाही. दवाखान्यातील बाह्यरुग्ण सेवा, तज्ज्ञांचा सल्ला आणि भरतीवरील उपचार हे सर्व तिच्या वैद्यकीय लाभात येतात. त्यामुळे नेत्रतज्ज्ञाकडील तपासणीही तिच्या कक्षेत आहे. दरमहा ₹२१,००० पर्यंत वेतन असलेले कर्मचारी या योजनेत येतात. १ जुलै २०१९ पासून कर्मचाऱ्याचे अंशदान वेतनाच्या ०.७५ टक्के व मालकाचे ३.२५ टक्के आहे.

शासकीय योजना

आयुष्मान भारत प्रधानमंत्री जन आरोग्य योजना २३ सप्टेंबर २०१८ रोजी सुरू झाली. तीत पात्र कुटुंबाला वर्षाला ₹५ लाखांपर्यंत द्वितीय व तृतीय स्तरावरील रुग्णालयीन उपचार मिळतात. ऑक्टोबर २०२४ मध्ये ७० वर्षे व त्यावरील सर्व नागरिकांना, उत्पन्नाची अट न ठेवता, तिचा लाभ खुला करण्यात आला. योजनेत नेत्रशस्त्रक्रियांची पॅकेजेस आहेत आणि प्रतीक्षा कालावधी नाही. बाह्यरुग्ण विभागातील तपासणी व चष्मा यांचा समावेश मात्र तीतही नाही.

महाराष्ट्रात २ जुलै २०१२ रोजी ८ जिल्ह्यांत राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना सुरू झाली आणि नोव्हेंबर २०१३ मध्ये ती राज्यभर लागू झाली. २०१७ मध्ये तिचे नाव महात्मा ज्योतिराव फुले जन आरोग्य योजना असे झाले. १ एप्रिल २०२० पासून ती केंद्राच्या योजनेशी एकत्रितपणे राबवली जाते. पुढे तिचा विस्तार राज्यातील सर्व शिधापत्रिकाधारक कुटुंबांपर्यंत करून संरक्षण ₹५ लाखांपर्यंत वाढवण्यात आले. नेत्रशस्त्रक्रिया हे या योजनेतील विशेषोपचारांपैकी एक आहे. गोव्यात २०१६ पासून दीनदयाळ स्वास्थ्य सेवा योजना लागू असून तीन किंवा कमी सदस्यांच्या कुटुंबाला ₹२.५ लाख आणि चार किंवा अधिक सदस्यांच्या कुटुंबाला ₹४ लाख इतके वार्षिक संरक्षण मिळते.

तपासणी व चष्मे या बाबतीतील शासकीय मदत विम्याऐवजी थेट सेवेच्या रूपात मिळते. १९७६ मध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय अंधत्व नियंत्रण कार्यक्रमांतर्गत मोतीबिंदूच्या मोफत शस्त्रक्रिया, शालेय विद्यार्थ्यांची नेत्रतपासणी व गरजू विद्यार्थ्यांना मोफत चष्मे आणि चाळिशी लागलेल्या ज्येष्ठांना मोफत चष्मे यांची तरतूद आहे. फेब्रुवारी २०१३ मध्ये तत्कालीन ठाणे जिल्ह्यातील पालघर येथून सुरू झालेल्या राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात १८ वर्षांपर्यंतच्या मुलांची तपासणी होते आणि तीत दृष्टिदोषांचाही समावेश आहे. तेलंगणा सरकारने १५ ऑगस्ट २०१८ रोजी सुरू केलेल्या 'कंटि वेलुगु' कार्यक्रमात सर्व वयोगटांसाठी गावोगावी तपासणी करून मोफत चष्मे देण्यात आले.

महाराष्ट्रातील धर्मादाय रुग्णालयांना महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियमाच्या कलम ४१कक खालील योजनेनुसार १० टक्के खाटा निर्धन रुग्णांसाठी मोफत आणि १० टक्के खाटा दुर्बल घटकांतील रुग्णांसाठी सवलतीत राखून ठेवाव्या लागतात. या नियमाखाली येणाऱ्या नेत्ररुग्णालयांतही ही सोय लागू असते.

करविषयक बाबी

आयकराच्या जुन्या कररचनेत आरोग्य विम्याच्या हप्त्यावर ₹२५,००० पर्यंत आणि ज्येष्ठ नागरिकांच्या बाबतीत ₹५०,००० पर्यंत वजावट मिळते. या मर्यादेतच प्रतिबंधात्मक आरोग्य तपासणीसाठी ₹५,००० पर्यंतची रक्कम धरता येते आणि ही रक्कम रोखीने भरलेली असली तरी चालते. चष्म्याची खरेदी ही तपासणी नसल्याने तीत येत नाही.

२२ सप्टेंबर २०२५ पासून वैयक्तिक व कौटुंबिक आरोग्य विमा पॉलिसींच्या हप्त्यांवरील वस्तू व सेवा कर माफ करण्यात आला. पूर्वी तो १८ टक्के होता. त्याच दिवसापासून दृष्टिसुधारणेच्या चष्म्यांवरील कराचा दर ५ टक्के झाला.

दावे व तक्रार निवारण

प्राधिकरणाच्या मे २०२४ च्या परिपत्रकानुसार रोकडरहित उपचाराच्या विनंतीवर कंपनीने १ तासात आणि रुग्णालयातून सोडतानाच्या अंतिम मंजुरीवर ३ तासांत निर्णय घेणे अपेक्षित आहे. दावा नाकारण्यापूर्वी तो कंपनीच्या दावा पुनर्विलोकन समितीसमोर जावा लागतो. नाकारताना पॉलिसीतील कोणत्या अटीच्या आधारे तो नाकारला, हे नमूद करणे आवश्यक असते. प्रत्येक पॉलिसीसोबत दिल्या जाणाऱ्या ग्राहक माहितीपत्रकात उपमर्यादा, सहभरणा, वगळणुका व प्रतीक्षा कालावधी थोडक्यात दिलेले असतात. नवी पॉलिसी घेतल्यानंतर अटी मान्य नसल्यास ती ३० दिवसांत परत करता येते.

मोतीबिंदूच्या दाव्यांसाठी नेत्रतज्ज्ञाचा शस्त्रक्रियेचा सल्ला, दृष्टीची नोंद असलेला तपासणी अहवाल, डोळ्याच्या मापनाचा अहवाल, बसवलेल्या भिंगाचे लेबल व देयक आणि रुग्णालयाचा निर्गमन सारांश ही कागदपत्रे सामान्यतः मागितली जातात. शस्त्रक्रिया उजव्या की डाव्या डोळ्याची झाली, याची नोंद सर्व कागदांत एकसारखी असणे आवश्यक असते.

कंपनीच्या तक्रार विभागाने एका महिन्यात उत्तर दिले नाही किंवा दिलेले उत्तर समाधानकारक नसेल, तर विमा लोकपालाकडे एका वर्षाच्या आत विनाशुल्क तक्रार करता येते. लोकपालाच्या अधिकारकक्षेची मर्यादा ₹५० लाख आहे. महाराष्ट्रात मुंबई व पुणे येथे लोकपालांची कार्यालये आहेत. ग्राहक आयोगांकडे दाद मागण्याचा मार्गही उपलब्ध असतो.

परिणाम व चर्चा

राष्ट्रीय अंधत्व व दृष्टिदोष सर्वेक्षण २०१५–१९ नुसार भारतातील अंधत्वाचे प्रमाण ०.३६ टक्के होते आणि ५० वर्षांवरील लोकांमधील अंधत्वाच्या कारणांत मोतीबिंदूचा वाटा ६६.२ टक्के होता. मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियेला विम्यात व शासकीय योजनांत मिळालेले स्थान या आकडेवारीशी सुसंगत आहे. मात्र प्रचलित रचनेत संरक्षणाला प्रारंभ आजार शस्त्रक्रियेच्या टप्प्यावर पोहोचल्यानंतर होतो. काचबिंदू किंवा मधुमेही दृष्टिपटलविकार वेळेत ओळखणारी तपासणी तुलनेने स्वस्त असूनही ती खिशातून करावी लागते, तर विलंबामुळे वाढलेल्या आजाराचा महाग उपचार विम्यातून मिळतो. गेलेली दृष्टी परत न येणाऱ्या आजारांत या क्रमाचा परिणाम कायमस्वरूपी असतो.

जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१९ च्या जागतिक दृष्टी अहवालानुसार जगात किमान २२० कोटी लोकांना दृष्टिदोष असून त्यांपैकी किमान १०० कोटी लोकांचा दोष टाळता आला असता किंवा त्यावर अद्याप उपाय झालेला नाही. अशा दोषांत चष्म्याने दूर होऊ शकणाऱ्या दोषांचा मोठा भाग आहे. २०२१ मध्ये जागतिक आरोग्य सभेने २०३० पर्यंत अपवर्तन दोषांवरील परिणामकारक सेवेच्या व्याप्तीत ४० टक्केबिंदूंची आणि मोतीबिंदू शस्त्रक्रियेच्या परिणामकारक व्याप्तीत ३० टक्केबिंदूंची वाढ हे उद्दिष्ट स्वीकारले.

इतर देशांतील पद्धती

अमेरिकेत नियमित नेत्रतपासणी व चष्मे यांसाठी आरोग्य विम्याहून वेगळा 'व्हिजन' विमा प्रचलित आहे. तेथील ज्येष्ठांसाठीच्या मूळ मेडिकेअर योजनेत चष्म्याचा नंबर काढण्याची नियमित तपासणी समाविष्ट नाही, परंतु कृत्रिम भिंग बसवणाऱ्या मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियेनंतर एका चष्म्यासाठी मदत मिळते. मुलांची नेत्रसेवा २०१० च्या आरोग्य कायद्यानुसार आवश्यक लाभांत मोडते. इंग्लंडमध्ये १६ वर्षांखालील मुले, ६० वर्षे व त्यावरील व्यक्ती आणि मधुमेह किंवा काचबिंदूचे रुग्ण यांची दृष्टितपासणी मोफत होते. स्कॉटलंडमध्ये ती २००६ पासून सर्व रहिवाशांसाठी मोफत आहे. जर्मनीत २००४ मध्ये प्रौढांच्या चष्म्यांचे वैधानिक विमासंरक्षण बहुतांशी बंद झाले आणि २०१७ मध्ये मोठा नंबर असलेल्यांसाठी ते अंशतः पुन्हा सुरू झाले. फ्रान्समध्ये २०२० पासून ठरावीक श्रेणीतील चष्मे मूळ व पूरक विम्यातून पूर्णतः मोफत मिळू शकतात.

परदेशी राहणाऱ्या मुलांकडे जाणारे भारतीय पालक घेत असलेला प्रवास विमा सामान्यतः आकस्मिक आजार व अपघात यांपुरता असतो. नियमित नेत्रतपासणी, चष्मा बदलणे किंवा आधीपासून ठाऊक असलेल्या मोतीबिंदूची शस्त्रक्रिया यांचा खर्च त्यातून मिळत नाही.

हेही पाहा

• आरोग्य विमा
• मोतीबिंदू
• काचबिंदू
• चष्मा
• भारतीय विमा नियामक आणि विकास प्राधिकरण
• महात्मा ज्योतिराव फुले जन आरोग्य योजना